बोरसे अण्णांचं तेरा महिन्यांचं वर्ष

आमच्या बिल्डिंगमध्ये बोरसे अण्णांना आजारी पडायची सोय नव्हती. बाकी कुणीही खुशाल पडावं. चेअरमन निकम साहेबांना दर पावसाळ्यात सर्दी व्हायची, ती हवेमुळे. माझी मान धरते, ती पोस्टातल्या खुर्चीमुळे. पण अण्णांच्या डोळ्याला साधी रांजणवाडी आली, की सगळी बिल्डिंग एकमेकांकडे बघून मान हलवायची. तोंडानं कुणी काही बोलत नसे. बोलायची गरजच नव्हती, कारण अण्णा देव मानत नाहीत हे सगळ्यांना ठाऊक होतं.

"ताई, हिशोब बघा," ते मला म्हणायचे. "तुम्हाला ताप आला तर व्हायरल, मला आला तर कोप. तुमच्या पोराला नोकरी लागली तर देवाची कृपा. आणि माझ्या वैशालीला लागली, तर म्हणे तिच्या आईचं पुण्य. म्हणजे चांगलं झालं की श्रेय दुसऱ्याला आणि वाईट झालं की खातं माझं. अशी नोकरी मी रेल्वेतसुद्धा केली नाही!"

अण्णा मूळचे नांदगावकडचे. सगळी हयात मनमाडला रेल्वेच्या सिग्नल खात्यात गेली आणि रिटायर झाल्यावर ते नाशकात मखमलाबाद रोडला आमच्या बिल्डिंगमध्ये आले. तिसरा मजला, माझ्या समोरचं दार. बिल्डिंगचं नाव ‘ईशकृपा’, लिफ्ट नाही. अण्णा उंच, किडकिडीत, मिशा पांढऱ्याफेक, शर्टाच्या खिशात कायम एक टेस्टर. हे टेस्टर लावून बघायचं खूळ त्यांना सगळ्याच बाबतीत होतं. "सिग्नल हिरवा दिसतो म्हणून गाडी सोडायची नसते," ते म्हणत. "तार कुठवर गेलीय ते जाऊन बघायचं." देव नाही असं सांगत ते कधी कुणाच्या दारी गेले नाहीत. लोकच येऊन विचारायचे, वाद घालायचे, हरायचे आणि चहा पिऊन जायचे.

माझं म्हणाल, तर मी चतुर्थी धरते. का धरते, तर सोडायची भीती वाटते म्हणून. हे मी अण्णांना एकदा कबूल केलं, तर ते म्हणाले, "मग चालू ठेवा. निदान खोटं तरी बोलत नाही तुम्ही."

आता गंमत अशी, की अण्णांवाचून आमच्या बिल्डिंगच्या धर्माचं पानही हलत नव्हतं. सकाळी ऑफिसच्या वेळी गेटासमोरून मांजर आडवं गेलं, की चार स्कूटर, दोन गाड्या जागच्या जागी थांबायच्या. पुढं कोण जाणार? मग निकम साहेब वर बघून हाक मारायचे, "अण्णाऽऽ, जरा खाली येता का?" अण्णा बनियनवर, हातात चहाचा कप घेऊन तीन जिने उतरायचे, मांजराची रेघ ओलांडून रस्त्याच्या पलीकडे जायचे आणि हात हलवून सांगायचे, "चला, लाइन क्लिअर!" भराभर गाड्या सुटायच्या. अपशकुनाचं काय असेल ते अण्णांच्या नावावर जमा. एकदा एका पोरानं विचारलंसुद्धा, "आजोबा, इतकी मांजरं तुम्ही ओलांडली, तुम्हाला काही होत नाही?" अण्णा म्हणाले, "होतं ना. भूक लागते."

दुसरं खातं भंगलेल्या देवांचं. काच तडकलेली तसबीर, हात तुटलेला बाळकृष्ण, जुन्या पोथ्या. घरात ठेवायच्या नाहीत, टाकायची छाती नाही. मग लोक एका पिशवीत घालून ती पिशवी गुपचूप अण्णांच्या दाराच्या कडीला अडकवायचे. अण्णा फ्रेमा सोडवून त्यात पोरांची चित्रं लावून द्यायचे, मातीची मूर्ती बादलीत विरघळवून ती माती गुलाबाला घालायचे. पण बाकीचं साठतच जाई. "सबंध बिल्डिंगमध्ये सगळ्यात जास्त देव माझ्या गॅलरीत आहेत," ते सांगत. "आणि एकाचीही तक्रार नाही."

त्यांच्या बायको सुशीलावहिनी मात्र भाविक. दर चैत्रात वणीला जायच्या, आणि अण्णा पिशव्या उचलून बरोबर. गडाच्या सगळ्या पायऱ्या चढायचे, आणि देवळाच्या दाराशी बसकण मारायचे. "बारा वेळा गेलो," ते म्हणत, "देवी अजून बघितली नाही. पण चपला सगळ्यांच्या ओळखतो." त्या दोघांत यावरून कधी शब्द झाल्याचं मी ऐकलं नाही. वहिनी अंगारा लावायला आल्या, की अण्णा कपाळ पुढं करायचे आणि म्हणायचे, "लाव, पण नाकात जाऊ देऊ नकोस."

वहिनी कॅन्सरनं गेल्या. भेटायला सगळे गेलो होतो. घरात बायका दाटीवाटीनं बसलेल्या, अण्णा खिडकीशी. आणि त्या शांततेत दुसऱ्या मजल्यावरच्या गायधनी काकू बोलल्या, "ह्यांनी एकदा जरी हात जोडले असते, तर सुशीला वाचली असती."

गायधनी काकू वाईट बाई नव्हेत, हे आधीच सांगते. पंचवटीतल्या उपाध्यांचं घराणं. यजमान होते तोवर रामकुंडावर बाहेरगावच्या यात्रेकरूंचे विधी सांगायचे. काकू पहाटे पाचला उठणार, ओलेत्यानं पूजा, मग पाणी. मनात येईल ते तोंडात. पण ते वाक्य असं पडलं, की मला जमिनीत शिरावंसं वाटलं. कधीही, कुणालाही उत्तर द्यायला मागेपुढे न बघणारे अण्णा त्या दिवशी एक शब्द बोलले नाहीत. खिडकीतून बाहेर बघत राहिले.

त्यानंतर दोन वर्षांनी पिंपळ उगवला.

बिल्डिंगच्या मागच्या भिंतीत, पाइपाच्या फटीत, दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मधोमध. आधी दोन पानं, म्हणता म्हणता पुरुषभर फांद्या. मुळं भिंतीत घुसली आणि काकूंच्या बेडरूममध्ये पाणी झिरपायला लागलं. गादीला बुरशी आली, काकू हॉलमध्ये झोपायला लागल्या. पण पिंपळ तोडणार कोण? पिंपळावर मुंजा राहतो, मुंज होऊन लग्नाआधी गेलेल्या पोराचं भूत. त्यानं एकदा धरलं, की सोडत नाही म्हणतात. मीटिंगमध्ये दीड तास चर्चा झाली. शेवटी निकम साहेबांना युक्ती सुचली, "सलीम मिस्त्रीला बोलवा. त्याला कुठला आलाय मुंजा!"

सलीम मिस्त्री आला. मान वर करून पिंपळाकडे बघितलं आणि दोन्ही कानांना हात लावला. "साहेब, भिंत पाडायला सांगा, पाडतो. पण पिंपळाला हात नाय लावणार. माझ्या अम्मीनं शपथ घातलीय."

मग सगळ्यांच्या माना हळूहळू अण्णांकडे वळल्या. अण्णा शेंगदाणे खात होते. म्हणाले, "तोडतो. पण रीतसर."

दुसऱ्या दिवशी मागच्या भिंतीवर कागद चिकटलेला: ‘सूचना. पिंपळावरील रहिवासी श्री. मुंजा यांस कळविण्यात येते, की आपण सोसायटीचे सभासद नसून विनापरवाना राहत आहात. सात दिवसांच्या आत जागा खाली करावी. हरकत असल्यास फ्लॅट नंबर अकरा येथे समक्ष भेटावे. व. ना. बोरसे.’ बिल्डिंगमधली पोरं रोज येऊन ती सूचना मोठ्यानं वाचायची आणि हसून लोळायची. जी पोरं अंधार पडला की तिकडं फिरकत नव्हती, ती आता मुद्दाम जाऊन "ओ मुंजा काका, चार दिवस राहिले!" असं ओरडून यायची.

आठव्या दिवशी, रविवारी सकाळी, अण्णा बाथरूमच्या खिडकीतून कमरेला दोर बांधून बाहेर वाकले. सगळ्या गॅलऱ्यांत बायका कपडे वाळत घालत होत्या. इतके कपडे आमच्या बिल्डिंगमध्ये आहेत हे मला त्या दिवशी कळलं. कोयत्यानं फांद्या, छिन्नीनं मुळं, मग सिमेंट. एक मुळासकटचं रोप मात्र त्यांनी ओल्या गोणपाटात गुंडाळलं आणि कालव्याच्या कडेला नेऊन लावलं. "झाडाशी माझं काही भांडण नाही," म्हणाले.

संध्याकाळी गेटाजवळच्या बाकावर निकम साहेबांनी निकाल दिला. "एक वर्ष. पिंपळाचं फळ वर्षाच्या आत मिळतं. लिहून ठेवा."

"तिथीनं की तारखेनं?" अण्णांनी विचारलं.

निकम गडबडले. काकू तिथंच भाजी निवडत होत्या, त्यांना विचारलं. काकू म्हणाल्या, "असल्या गोष्टी तिथीनंच. आणि पुढं अधिक महिना येतोय, म्हणजे तेरा महिने."

"म्हणजे एकोणीस दिवस वाढवून देताय मुंजाला?" अण्णा म्हणाले. "दिले! तिथीनं वर्ष. तोवर मला काही झालं तर तुम्ही जिंकलात. नाही झालं, तर ह्या पोरांसमोर सांगायचं, की पिंपळ हे झाड आहे."

झालं! त्या दिवसापासून अण्णांवर पहारा बसला. ते शिंकले तर चार खिडक्या उघडायच्या. अण्णाही काही कमी नव्हते. सकाळी शीळ घालत फिरायला जायचे, कुणी नुसतं "काय अण्णा?" म्हटलं तरी "ठणठणीत!" असं ओरडायचे. मध्येच निकम साहेब मोटारसायकलवरून पडले आणि पाय मुरगळला. अण्णा भेटायला गेले. "साहेब, पिंपळ मी तोडला आणि पाय तुमचा?" निकम कण्हत म्हणाले, "परवानगीवर सही माझी ना!" अण्णा दोन दिवस हसत होते.

आठव्या महिन्यात, एका दुपारी, माझ्या दारावर टकटक झाली. मी रजेवर होते म्हणून बरं. उघडलं तर अण्णा, चेहरा पांढरा, घामानं शर्ट चिकटलेला. "ताई," ते हळूच म्हणाले, "रिक्षा बोलवा. गेटात नको. कोपऱ्यावर."

"अण्णा, अहो छातीत दुखतंय का?"

"कोपऱ्यावर," ते म्हणाले.

मी हात धरायला गेले तर धरू देईनात. तो माणूस तीन जिने उतरला, निकमांच्या दारावरून जाताना शीळ घातली आणि कोपऱ्यापर्यंत चालत गेला. मी मागून मनातल्या मनात शिव्या देत होते. घाबरले होते म्हणून शिव्या देत होते. रिक्षात बसल्यावर त्यांनी डोळे मिटले आणि म्हणाले, "साडेचार महिने राहिले होते हो. फक्त साडेचार."

"मरा आता त्या मुंजापायी!" मी खेकसले. रिक्षावाल्यानं आरशातून बघितलं.

"मुंजापायी नाही," अण्णा म्हणाले. "सुशीला गेली तेव्हा लोक म्हणाले, मीच तिला मारली. मी गप्प बसलो. आता मी गेलो, तर ती पोरं उद्यापासून प्रत्येक झाडाला भितील. मला आत्ता मरून चालणार नाही ताई."

हॉस्पिटलमध्ये अँजिओप्लास्टी झाली, मनगटातून नळी घालून. दोन स्टेंट. डॉक्टरांनी आत जाण्याआधी भिंतीवरच्या गणपतीला हात जोडले, तेव्हा अण्णा मला म्हणाले, "जोडू द्या. त्यांचा हात स्थिर राहायला पाहिजे." आणि बाहेर आल्यावर पहिला प्रश्न डॉक्टरांना काय, तर "हे ब्लॉकेज किती जुनं?" डॉक्टर म्हणाले, दहाएक वर्षांपासून साठत आलं असेल. "लिहून द्या!" अण्णा उठूनच बसायला लागले. "पिंपळ आठ महिन्यांपूर्वी तोडलाय." डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "द्या हो लिहून, त्यांना बरं वाटेल."

मुलगी पुण्याहून थेट हॉस्पिटलात आली. बिल्डिंगमध्ये मी सांगितलं, अण्णा मनमाडला जुन्या मित्राकडं गेलेत. चार दिवस मी इतकं खोटं बोलले, की त्या चतुर्थीला दुप्पट उपवास करावा असं वाटायला लागलं.

परत आले तेव्हा संध्याकाळ होती. हृदय थोडं कमजोर झालंय, जिने सावकाश चढा, असं बजावून पाठवलेलं. पण गेटावर निकम आणि मंडळी बसलेली. अण्णांनी मुलीला आदल्या बसनं पुण्याला पाठवून दिलं होतं, म्हणजे शंका नको. रिक्षातून उतरले, "मनमाड ठणठणीत आहे!" म्हणाले आणि शीळ घालत जिना चढायला लागले. मी पिशवी घेऊन मागे. पहिला मजला गेला. दुसऱ्या मजल्यावर शीळ तुटली. ते कठड्याला धरून उभे राहिले, ओठ निळसर.

गायधनी काकूंचं दार उघडलं. त्यांनी अण्णांचा चेहरा बघितला, मग मनगटावरची पट्टी. "आमच्या ह्यांनाही इथूनच घातली होती नळी," त्या म्हणाल्या. मी डोळे मिटून घेतले. संपलं सगळं, आता पाच मिनिटांत बिल्डिंगभर होणार.

तेवढ्यात खालून निकमांचा आवाज, "काय हो अण्णा, थांबलात का?"

"मी थांबवलंय!" काकू जिन्यातून खाली ओरडल्या. "माझा नळ गळतोय, तो बघतायत!" आणि हळू आवाजात, "आत या. बसा पंख्याखाली."

अण्णा बसले. दम लागलेला, तरी खोडी जाईना. "वहिनी, आज एकादशी ना? आणि खोटं बोललात?"

"देवाशी बोलले का? निकमाशी बोलले," काकू म्हणाल्या. पाण्याचा पेला त्यांच्या हातात दिला आणि समोर बसून राहिल्या. मग एकदम म्हणाल्या, "सुशीलाच्या वेळी मी जे बोलले, ते मला तेव्हापासून गिळवत नाही अण्णा. माझा देव असा खुनशी नाही. मीच होते."

अण्णांनी पेला खाली ठेवला. मग उठले आणि स्वयंपाकघरातला नळ खरंच गळतोय का ते बघून आले.

दुसऱ्या दिवसापासून बिल्डिंगला नवंच दृश्य दिसायला लागलं. अण्णा फिरून आले, की काकू नेमक्या खाली असायच्या. दोघं बरोबर जिना चढायची. आणि दर सहा-सात पायऱ्यांनी काकू मोठ्यानं ओरडायच्या, "थांबा हो अण्णा! माझे गुडघे!" अण्णा थांबायचे. काकू गुडघे चोळायच्या, कण्हायच्या, देवाचं नाव घ्यायच्या. तोवर अण्णांचा श्वास जागेवर यायचा. मग पुढच्या सहा पायऱ्या. चार महिने हे नाटक चाललं. काकूंचे गुडघे माझ्यापेक्षा चांगले होते. लोक म्हणायचे, बघा, नास्तिक असून म्हातारीसाठी कसा थांबतो.

तारखेनं वर्ष सरलं. त्यानंतर आठवड्याभरानं, संध्याकाळी, गेटावर मेथीची गाडी आली होती, आम्ही बायका जुड्या बघत होतो. अण्णा आणि काकू जिना उतरून येत होते, काकू पुढं, कठड्याला धरून लंगडत. निकम बाकावर विचारात बसलेले. वर्षभर अण्णांना काही होईना, याचा त्यांना खरंच त्रास झाला होता. आणि एकदम त्यांना उत्तर सापडलं.

"अहो, तोडला अण्णांनी," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "पण कुणासाठी? गायधनी काकूंच्या भिंतीसाठी! ज्याच्यासाठी पाप, त्याला फळ. काकूंचे गुडघे बघा! रोजची पूजा, उपासतापास, आणि तरी ही गत. तुमच्याच हातून काहीतरी मोठं झालंय काकू. उपाध्यांच्या घरात बसून पिंपळ तोडू दिलात."

मेथीवाल्याचासुद्धा हात थांबला. सगळ्या बायका काकूंच्या गुडघ्यांकडे बघायला लागल्या. काकूंनी पदर सारखा केला. खरं सांगायला त्यांना एक वाक्य पुरलं असतं. त्या म्हणाल्या, "असेल हो. माझंच काहीतरी असेल."

अण्णांचा चेहरा मी बघितला. खिडकीशी बसले होते त्या दिवशीचाच चेहरा.

"निकम," ते म्हणाले, "त्यांच्या गुडघ्यांना काही झालेलं नाही. बिघाड माझ्या छातीत आहे." त्यांनी खिशातून गोळ्यांची पट्टी काढली आणि बाकावर ठेवली. "आठव्या महिन्यात ॲटॅक आला. दोन स्टेंट टाकलेत. मला दम लागतो, तो कुणाला दिसू नये म्हणून ही बाई चार महिने लंगडतेय."

निकम ताडकन उठले. "बघा! बघा! म्हटलं नव्हतं?" त्यांचा आनंद मावेना. सगळ्यांकडे वळून वळून सांगायला लागले. पोरं खेळ सोडून जमली होती, ती अण्णांकडे बघत राहिली. "दहा वर्षांपासूनचं आहे, डॉक्टरांनी लिहून दिलंय," मी म्हणत होते, पण ऐकतो कोण?

काकू मात्र निकमांवर नाही, अण्णांवर तडकल्या. "अहो, बारा दिवस! तिथीनं बारा दिवस राहिले होते! तेवढं तोंड मिटून बसवेना तुम्हाला?"

"बसवेना," अण्णा म्हणाले. "एकदा बसलो होतो."

काकूंचे डोळे भरले. त्यांनी मेथीची जुडी माझ्या हातात कोंबली, वळल्या आणि तरातरा जिना चढून गेल्या, एकदाही न थांबता. सगळी बिल्डिंग त्यांच्या गुडघ्यांकडे आ वासून बघत होती.

अण्णा पुढं मुलीकडं पुण्याला राहायला गेले. फोनवर भेटतात, अजूनही माझ्या चतुर्थीची चेष्टा करतात. पण मला ते आठवतात, ते त्या संध्याकाळचे. काकूंच्या मागून निघाले, सहा पायऱ्या चढले आणि सातव्या पायरीवर सगळ्यांसमोर बसले. शीळ नाही, ठणठणीत नाही. तोंड उघडं टाकून, खांदे वरखाली करत, खुशाल दम खात बसले. मी आधार द्यायला पुढं झाले, तर त्यांनी हातानंच मला वाट करून दिली.

"तुम्ही व्हा पुढं ताई," ते म्हणाले. "मला जरा वेळ लागेल."